चारशे तेरा नंबरचं मनगट

नऊ फेब्रुवारी, रविवार, सकाळचे साडेअकरा. ठिकाण दौंड, स्टेशनपासून सात मिनिटांवरची एक पत्र्याची खोली. रक्कम पाचशे रुपये. त्यातली त्या दिवशी दिलेली शून्य. हजर तिघं: मी, माझे यजमान आणि रेल्वेत एकतीस वर्षं डब्यांवर नंबर लिहून निवृत्त झालेले एक गृहस्थ, ज्यांना सगळे मामा म्हणत. माझ्या डाव्या मनगटावर पाच टिंबं आणि खाली एक आडवी रेघ गोंदून झाली होती. मी पर्समधून पाचशेची नोट काढली. मामांनी ती उलटसुलट बघितली आणि माझ्याच पर्समध्ये परत सरकवली.

"आत्ता कशाचे पैसे?" ते म्हणाले. "आत्ता नुसता रंग लावलाय. धरला का न्हाई ते कातडी सांगंल. ती बरी झाली की द्या."

मी शिरूरला एका पतसंस्थेत चोवीस वर्षं कॅशियर आहे. काम झाल्यावर पैसे नको म्हणणारा माणूस समोर आला की मला आधी शंका येते. मी विचारलं, "आणि मी आलेच नाही तर?"

"तर मला कळंल की पाचशे रुपयांत एक मानूस वळखू आला. सस्तात पडलं."

यजमान हसले. मला हसू आलं नाही. मनगट चुरचुरत होतं.

मामांचं सगळं रेल्वेच्या भाषेत चालायचं. ज्याची कातडी नीट बरी झाली तो 'फिट', ज्याची बिघडली तो 'सिक'. बिघडलेले डबे यार्डात ज्या रुळावर नेऊन उभे करतात त्याला म्हणे सिक लाइन म्हणतात. एका जाड रजिस्टरात प्रत्येक गिऱ्हाईकाला एक पान होतं. सुई त्याच्या डोळ्यांसमोर पाकिटातून काढायची, रिकामं पाकीट त्या पानावर चिकटवायचं आणि शेजारी गिऱ्हाईकाची सही घ्यायची. माझं पान चारशे तेरावं. आधीच्या पानांवर हिरव्या शाईत 'फिट' लिहिलेलं मी स्वतः बघितलं. सगळी पानं चाळली नाहीत, पण साठ-सत्तर तरी चाळली असतील. एकातही खाडाखोड नव्हती. तिथं मला हा माणूस पहिल्यांदा आवडला.

भिंतीवर एक पिवळी पाटी होती, स्टेशनच्या नावाची असते तशी, काळ्या ठसठशीत अक्षरांत: 'एक कातडी सिक झाली की दुकान बंद.'

"हे खरंच आहे का?" मी विचारलं होतं.

"एकतीस वर्षांत माझ्या रंगावरनं एक डबा परत आला न्हाई. आन् ही तर जित्ती कातडी. एक बिघडली तरी आपल्या हाताला अक्कल न्हाई असं समजायचं आन् मशीन ठिवून द्यायचं."

रोज सकाळी दुकान उघडलं की मामा एक केळं घ्यायचे आणि त्याच्या सालीवर मशीननं त्या दिवसाची तारीख गोंदायचे. सुई नीट चालते का, शाई नीट उतरते का, याची ती चाचणी. केळं दिवसभर टेबलावर असायचं आणि दुकान बंद करताना ते सोलून खायचे. "आजची तारीख खाल्ली, आता घरी," असं म्हणायचे. समोरच्या चहावाल्याकडं कॅलेंडर नव्हतं. तो तारीख बघायला मामांच्या टेबलाशी यायचा.

त्यांचा आणखी एक नियम असा की जवळून न बघितलेला प्राणी ते काढत नसत. त्यामुळं त्यांच्या नमुन्यांच्या वहीत बैल, म्हैस, कोंबडा, बोकड, कावळा आणि खार होती. वाघ, सिंह, गरुड नव्हते. एकदा एक दणकट ट्रकड्रायव्हर छातीवर सिंह काढून घ्यायला आला.

मामांनी विचारलं, "तू बघितलाय का सिंव्ह?"

"टीव्हीवर."

"मी बी टीव्हीवरच. मग दोघंबी न बघितलेलं जनावर छातीवर घिऊन फिरायचं व्हय रं? उद्या कुनी इचारलं याची मान अशी का, तर तू काय सांगनार?"

अर्ध्या तासानं तो ड्रायव्हर बोकड काढून घ्यायला तयार झाला. पुढं त्यानंच आपले चार मित्र पाठवले. त्यातल्या दोघांनी बोकडच मागितला.

मामांच्या स्वतःच्या अंगावर मात्र एक टिंबसुद्धा नव्हतं. कुणी विचारलं तर म्हणायचे, "मला खाज लई सुटती. मला कोन सांबाळनार?"

आणि प्रत्येकाला ते एक प्रश्न विचारायचे: "कशापायी?" सगळे करतात म्हणून, असं उत्तर आलं की समोर चहा पिऊन या म्हणून पिटाळायचे. मलाही विचारलं.

मी सांगितलं. माझं माहेर पाबळ. मी नऊ वर्षांची असताना गोंदणारी बाई अंगणात आली. आईच्या मनगटावर पाच टिंबं आणि रेघ होती, तशीच आम्हा दोघी बहिणींच्या हातावर हवी, म्हणून आईनं तिला मापभर बाजरी आधीच दिली. बहिणीचा हात झाला. तिचं रडणं ऐकून मी जी पळाले ती कडब्याच्या गंजीमागं जाऊन बसले. संध्याकाळी घरी आले तर बाई निघून गेली होती आणि अर्धी बाजरी उंबऱ्यापाशी परत ठेवली होती. आईला जाऊन आता दोन वर्षं झाली. दवाखान्यात तिचा हात धरून बसायचे तेव्हा ती टिंबं मी रोज मोजायचे. ती कमी-जास्त होणार नव्हती, तरी मोजायचे.

मामांनी सुईचं नवं पाकीट पुढ्यात घेतलं. मग म्हणाले, "अर्दी बाजरी परत ठिवली? चांगली कारागीर हुती. म्हंजी हे तिचं ऱ्हायलेलं काम हाय. बसा."

काम वीस मिनिटांचं. त्यानंतरच्या सूचना पंचेचाळीस मिनिटांच्या. दिवसातून दोनदा साध्या साबणानं हलकं धुवायचं, पुसायचं नाही, टिपायचं. मलम बोटाच्या टोकावर मावेल एवढंच. खपली निघेल, खाज सुटेल. ओरबाडायचं नाही, फार झालं तर वरून हलकं थोपटायचं. बांगडी, कडं, घड्याळ, हळद, तेल, दुसऱ्याच्या घरातलं औषध, यातलं काही नाही. हे सगळं रजिस्टरात लिहिलेलं होतं, त्याखाली मी सही केली. दर रविवारी तपासणी, चार आठवडे झाले की शेवटची. तपासणीला येण्या-जाण्याचं भाडं मामा देणार, कारण बोलावणारे ते.

"अहो, एसटीत मला अर्धं तिकीट आहे," मी म्हटलं. "जाऊन-येऊन नव्वद रुपये."

"मग नव्वद. जास्त मागितलं तरी द्येनार न्हाई."

पहिल्या रविवारी मनगट बघून ते खूश झाले. बोटाच्या पाठीनं कातडीवरून हात फिरवला, भिंगातून बघितलं, म्हणाले, "गाडी टायमावर हाय."

मग केंदूरचं लग्न आलं. माझ्या थोरल्या दिरांच्या मुलाचं. बुधवारी हळद, गुरुवारी लग्न. मी डावं मनगट मोकळं ठेवून गेले. मांडवात कासार बसला होता, सगळ्या बायकांचे हात हिरव्या चुड्यानं भरत होता. माझी थोरली जाऊ माझा हात बघून किंचाळलीच.

"अगं बया, नवऱ्यामुलाची काकी तू, आन् हात मोकळा? लोक इचारतील, भाऊजींना काय झालं म्हून!"

भाऊजी, म्हणजे माझे यजमान, तिथंच तिसरी प्लेट जिलबी खात होते. त्यांना काहीही झालेलं नव्हतं.

"वहिनी, मनगटावर जखम आहे," मी म्हटलं.

"जखम कुठली, गोंदलंय न्हवं? माझ्या आईचे दोन्ही हात गोंदलेले हुते, तिनं कवा चुडा सोडला न्हाई. बस खाली."

कासार म्हणाला, "ताई, हात सैल सोडा," आणि पंजा दाबत, साबण लावत त्यानं अकरा बांगड्या टिंबांवरून घासत नेल्या. पाठोपाठ हळद. मी हात मागं घेतला तर जावेच्या मुलीनं मूठभर हळद नेमकी मनगटावरच थापली. "काकू, तुमच्या टॅटूलाबी हळद लागू द्या की!" सगळ्या हसल्या. मीही हसले. नवऱ्यामुलाच्या हळदीत रुसून बसायचं वय माझं नाही.

शुक्रवारी मनगट लाल झालं. शनिवारी त्यावर बारीक पुरळ उठलं आणि अशी खाज सुटली की काउंटरवर नोटा मोजताना मी अंगठ्याऐवजी मनगटाकडंच बघत होते. शंभराच्या बंडलात एक नोट जास्त गेली. एका शेतकरी आजोबांनी ती परत केली. "म्याडम, एक जास्त हाय वो. तब्येत बरी हाय न्हवं?" चोवीस वर्षांत पहिल्यांदा. ऑफिसात मला दिवसभरात चार उपाय सुचवले गेले: कडुलिंब, खोबरेल, तुरटी आणि एक ट्यूब. शिपायापासून मॅनेजरपर्यंत सगळ्यांच्या घरात असते ती, नायट्यापासून मुरुमापर्यंत सगळ्याला चालते म्हणतात ती. मी फक्त ट्यूब लावली. खाज दोन तास थांबली आणि दुप्पट परत आली.

चुडा काढायचा तर काचेच्या बांगड्या फोडाव्या लागणार, आणि लग्नातला चुडा लगेच वाढवत नाहीत. बांगड्या 'फोडणं' असं आमच्याकडं म्हणतसुद्धा नाहीत, 'वाढवणं' म्हणतात. तेवीस तारखेच्या रविवारी मी त्या अकरा बांगड्या कोपराकडं सरकवल्या, वाजू नयेत म्हणून रुमालानं बांधल्या, वर लांब बाह्यांचं स्वेटर घातलं आणि दौंडला गेले.

मामांनी मनगट बघितलं. बराच वेळ बघितलं. मग रजिस्टर उघडलं.

"साबन?"

"साधाच."

"वरबाडलं?"

"नाही." हे खरं होतं.

"बांगडी?"

खाली माझी सही होती. माझ्या काउंटरवर सही मोडणाऱ्या माणसाला मी कशा नजरेनं बघते, ते मला माहीत आहे. मी म्हटलं, "नाही."

"हळद?"

"नाही."

"दुसऱ्याचं औषध?"

"नाही."

त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला. स्वेटर वर करा म्हणाले नाहीत. फेब्रुवारीतल्या दुपारी स्वेटर कशाला, हेही विचारलं नाही. चिकटवलेलं सुईचं पाकीट त्यांनी भिंगातून वाचलं, शाईची बाटली उघडून वास घेतला. मग उठले आणि ती जवळजवळ भरलेली बाटली मोरीत ओतली. खाली बसून लाल पेननं माझ्या पानावर लिहिलं: 'सिक.' त्या रजिस्टरातलं ते पहिलं लाल अक्षर.

बाकावर रेल्वे कॉलनीतली एक मुलगी वाट बघत होती. ती म्हणाली, "मामा, माझं फुलपाखरू?"

"उडालं समज. आजपासनं बंद."

"असं काय करताय? आईला कसंबसं तयार केलंय मी."

"त्या बाईंचा हात बघ," मामा म्हणाले. आवाजात राग अजिबात नव्हता. "माझ्या हातनं झालंय ते." आणि स्टूल घेऊन पिवळी पाटी खाली काढायला लागले.

मी तिथं बोलायला हवं होतं. पाटीचा दुसरा खिळा निघेपर्यंत मला वेळ होता. मी पर्स उचलली आणि साडेतीनची एसटी पकडली. अर्धं तिकीट, पंचेचाळीस रुपये.

घरी यजमानांनी विचारलं, "चुड्याचं सांगितलंस ना?"

"नाही."

ते भाजी निवडत होते. निवडता निवडता म्हणाले, "तुझ्या काउंटरवर कुणी असं केलं असतं, तर त्याला रांगेत उभं करून ऐकवलं असतंस."

"माहीत आहे."

"माहीत असलं तर बरं." आणि त्यांनी मेथीची दुसरी जुडी पुढ्यात ओढली.

सोमवारी मी रजा टाकली. खोलीचं दार अर्धं उघडं होतं. मामा आत बसून पिवळ्या पाटीला पॉलिश पेपर घासत होते. 'एक कातडी' एवढं पुसलं गेलं होतं. टेबलावर केळं होतं. त्याच्यावर तारीख नव्हती. कोऱ्या केळ्याकडं बघून मला जेवढी लाज वाटली तेवढी त्या लाल अक्षराकडं बघूनही वाटली नव्हती.

मी उभ्या उभ्या स्वेटरची बाही वर केली आणि रुमाल सोडला. अकरा बांगड्या खळकन् मनगटावर आल्या.

"बुधवारी भरल्या," मी म्हटलं. "हळदही लावली. ट्यूबही लावली. काल तुम्ही विचारलंत तेव्हा तिन्ही वेळा खोटं सांगितलं."

मला वाटलं ते चिडतील. त्यांनी पॉलिश पेपर खाली ठेवला, हात झटकले, रजिस्टर ओढलं आणि पेनचं टोपण काढलं.

"किती वाजता भरल्या?"

"सकाळी अकराच्या सुमाराला."

"सुमाराला न्हाई. मांडवात घड्याळ नव्हतं?"

"अकरा दहा."

"साबन लावून सरकवल्या का कोरड्या?"

"साबण लावून."

"हळद कुनी लावली? किती?"

"पुतणीनं. मूठभर."

"मूठ केवढी? पोरगी केवढी?"

"एकोणीस वर्षांची."

ते लिहीत गेले आणि चेहरा उजळत गेला. शेवटी त्यांनी टेबलावर थाप मारली, केळं उडालं. "म्हंजी डबा माझ्या यार्डातनं फिट गेल्ता! तुमच्या केंदूरच्या मांडवात घसरला! आन् मी काल रातच्याला जेवलो न्हाई वो!"

"माझं चुकलं, मामा."

"चुकलंच. त्याचं बी लिव्हतो." त्यांनी लाल 'सिक'वर एक रेघ मारली, खाली लिहिलं: 'कारण: चुडा, हळद, ट्यूब. तेवीस तारखेस ग्राहकाने खोटे सांगितले.' आणि पान माझ्याकडं फिरवलं. "सही."

चोवीस वर्षांत मी किती सह्या केल्या असतील, मोजता येणार नाही. एवढी जड एकही गेली नाही. पण केली.

मग ते बांगड्यांकडं वळले. "ह्या काढाव्या लागतील."

"वाढवायच्या नाहीत, मामा. लग्नातला चुडा आहे."

"वाढवतंय कोन?" त्यांनी खणातून दुधाची एक धुतलेली प्लॅस्टिकची पिशवी काढली. पुरळावर स्वच्छ फडकं ठेवलं, माझ्या पंज्यावर पिशवी चढवली आणि तिच्यावरून एकेक बांगडी घसरवत काढली. अकराच्या अकरा, एकही तडकली नाही. त्याच पिशवीनं त्या उजव्या हातात चढवल्या. तिथं आधीच अकरा होत्या, बावीस झाल्या.

"चुडा हाय तिथंच हाय," ते म्हणाले. "फकस्त लाइन बदलली."

त्यांनी मला चिठ्ठी देऊन कातडीच्या डॉक्टरकडं पाठवलं. डॉक्टरीणबाईंनी बघून सांगितलं की जंतू वगैरे काही नाही. ओल्या कातडीवर काच घासली, हळद चोळली आणि वर ती ट्यूब, म्हणून कातडी चिडली आहे. ट्यूब बंद, साधं मलम, काही न बांधता मोकळं ठेवा, कमी होईल. आणि निघताना म्हणाल्या, "तुमचे ते मामा महिन्यातून दोनदा येऊन मला विचारून जातात, अमुक शाईनं काय होतं, तमुक साबणानं काय होतं. फी देतात प्रत्येक वेळी. मी नको म्हणते तरी."

परत आले तेव्हा मामा पाटीवरचे पुसलेले दोन शब्द पुन्हा रंगवत होते. टेबलावरच्या केळ्यावर चोवीस तारीख आली होती, आणि कॉलनीतल्या मुलीला निरोप गेला होता.

पुरळ आठ दिवसांत बसलं. मामांनी दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजायला लावले, मधल्या रविवारच्या खेपा मात्र माफ केल्या. त्या चार आठवड्यांत मी बांगडी डाव्या हातात घातली नाही. जावेला फोन करून हेही सांगितलं की भाऊजींची तब्येत उत्तम आहे आणि हात मोकळा आहे तो माझ्या मर्जीनं.

तेवीस मार्च, रविवार, शेवटची तपासणी. हजर पुन्हा तिघं. मामांनी भिंग लावलं, बोटाची पाठ फिरवली. चार टिंबं गडद होती, पाचवं, जिथं काच जास्त घासली तिथलं, थोडं फिकट.

"हे पुन्हा मारतो. फुकाट."

"नको, मामा," मी म्हटलं. "घडलं ते दिसू दे."

त्यांनी हिरव्या शाईत 'फिट' लिहिलं. मी पाचशेची नोट टेबलावर ठेवली. मामांनी कागद घेतला आणि भाड्याचा हिशेब मांडला. सोळा फेब्रुवारीचे नव्वद. आजचे नव्वद.

"तेवीस फेब्रुवारीचं न्हाई द्येनार. त्या दिवशी तुम्ही तपासनीला न्हाई, खोटं बोलायला आल्ता."

"मान्य."

"चोवीसचं देतो."

"मामा, ते तुम्ही बोलावलं नव्हतं. मी आपणहून आले."

"म्हून तर देतो," ते म्हणाले. "बोलावून तर कुनीबी येतंय."

मी आकडे तपासले. तीन खेपा, दोनशे सत्तर. पाचशेतून वजा जाता दोनशे तीस. मामांनी दोनशे सत्तर परत दिले आणि केळं सोलून अर्धं माझ्या हातात ठेवलं. तेवीस तारखेतला तीन माझ्या वाट्याला आला. एकूण दिलेली रक्कम दोनशे तीस रुपये, रोख, मामांच्या हातात. परतीचे पैसे त्यांनी दोनदा मोजले होते, आणि माझ्या समोर मोजले होते, याचं मला फार बरं वाटलं.